चौकातलं आकाश: सुब्रत मित्रांचा बाउन्स उजेड कोल्हापूरच्या वाड्यात कसा साधायचा

सत्यजित रायांच्या १९५६ च्या ‘अपराजितो’त काशीतल्या एका जुन्या घराचा चौक दिसतो. तो काशीतला नाही. पावसाने चित्रीकरण अडेल या धास्तीने तो कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधला गेला. कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त. छायालेखक सुब्रत मित्र तेव्हा पंचविशीत होते आणि सेट लावायला त्यांचा विरोध होता. कारण साधं होतं. खऱ्या चौकात उजेड उतरतो तो माथ्यावरच्या आकाशाच्या तुकड्यातून, आणि त्याला ठसठशीत सावली नसते. स्टुडिओतला प्रत्येक दिवा मात्र आपापली सावली पाडतो: पाच दिवे लावले की नटामागे पाच सावल्या. शेवटी मित्रांनी सेटच्या वर पांढरं कापड ताणून बसवलं, दिवे खालून त्या कापडावर मारले आणि तिथून परतलेला उजेड नटांवर घेतला. आज कुठल्याही सेटवर लाइटमन ‘बाउन्स दे’ म्हणतो, त्यामागची अडचण समजून घ्यायची तर हा चौक बघायला हवा.

कोल्हापूरकराला हे शिकणं त्या मानाने सोपं आहे, कारण जुन्या पेठांत आणि आसपासच्या गावांत चौक, सोपा, माजघर असलेली घरं अजून उभी आहेत. खरा चौक आणि खोटं आकाश, दोन्ही एकाच छपराखाली ताडून बघता येतं. त्यासाठी लागणारं सामान, मापं आणि हमखास होणाऱ्या चुका इथे दिल्या आहेत.

आधी बघायचं कसं

मित्रांनी चित्रपटाचं रीतसर शिक्षण घेतलं नव्हतं. फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेनवार बंगालमध्ये चित्रीकरण करत होते तेव्हा मित्र तिथे नुसते बघायला जात आणि दिवे कुठे, नट कुठे, कॅमेरा कुठे याचे नकाशे वहीत काढत. त्यानंतर ‘पथेर पांचाली’चं काम हाती आलं तेव्हा ते एकवीस वर्षांचे होते आणि त्याआधी त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा चालवला नव्हता. ही वहीची पद्धत आजही तितकीच उपयोगाची आहे.

चित्रपट एकदा सलग बघून घ्या. दुसऱ्यांदा आवाज बंद ठेवून बघा आणि घराच्या आतला प्रत्येक शॉट थांबवा. पहिल्यांदा डोळ्याच्या बाहुलीत बघायचं. तिथे उजेडाचं प्रतिबिंब पडलेलं असतं: छोटा तेजस्वी ठिपका असेल तर दिवा थेट मारलेला आहे, पसरट फिकट डाग असेल तर उजेड कापडावरून किंवा खिडकीतून आलाय. मग नाकाखालची सावली. तिची कड धारदार की विरघळणारी, आणि ती कुठल्या बाजूला पडते. नंतर मागची भिंत बघा, ती चेहऱ्यापेक्षा किती काळोखी आहे. एवढ्या तीन गोष्टींवरून खोलीचा वरून दिसणारा नकाशा काढता येतो. नकाशात खिडकी, दार, नट आणि कॅमेरा दाखवा आणि उजेडाचा बाण काढा. बाण खिडकीपर्यंत मागे नेता आला नाही तर कुठेतरी वाचायला चुकलंय.

क्रम असा ठेवा. आधी ‘पथेर पांचाली’, कारण त्यात बरंचसं खरं ऊन आणि खरं आभाळ आहे. मग ‘अपराजितो’. त्यानंतर ‘चारुलता’, १९६४ ची. तिथे हीच पद्धत श्रीमंत घरातल्या आतल्या खोल्यांमध्ये किती पुढे गेली ते दिसतं. ‘नायक’ १९६६ ची. आगगाडीचा डबा स्टुडिओत उभारलेला, आणि सगळा उजेड बाजूच्या खिडक्यांतून यायला हवा ही अट. सत्यजित रायांसोबतचं मित्रांचं हे शेवटचं काम. चारही कृष्णधवल आहेत, म्हणून तुमच्या कॅमेऱ्याचा मॉनिटरही सरावाच्या वेळी कृष्णधवल करून ठेवा. रंग डोळ्यांना भुलवतो आणि उजेडाची चूक झाकून टाकतो.

कोल्हापुरात आणि पंचक्रोशीत मालिकांची चित्रीकरणं चालू असतात. ओळखीने परवानगी मिळाली तर पहिले काही दिवस नुसतं बसा, नकाशे काढा. कॅमेऱ्याला हात लावायला मिळावा म्हणून घाई करू नका. दिव्याची जागा का बदलली हे लाइटमनला जेवणाच्या सुट्टीत विचारलंत तर जास्त पदरात पडेल.

चौक आणि सूर्य

घड्याळात बारा वाजले म्हणजे सूर्य माथ्यावर, असं कोल्हापुरात होत नाही. आपली प्रमाणवेळ पूर्वेकडच्या रेखांशावरची आहे, त्यामुळे इथला खरा मध्यान्ह साधारण साडेबाराला येतो. नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो बारा वाजून सतरा मिनिटांच्या आसपास, तर फेब्रुवारीच्या मध्यावर पावणेएकच्या सुमारास. चित्रीकरणाचं वेळापत्रक लावताना हा अर्धा तास धरावाच लागतो.

डिसेंबरच्या उत्तरार्धात मध्यान्हीचा सूर्य दक्षिणेकडे सुमारे ५० अंशांवर असतो. म्हणजे २० फूट उंचीच्या दक्षिण भिंतीची सावली जवळजवळ १७ फूट पडते. दक्षिणोत्तर १६ फुटांचा चौक असेल तर त्या दिवसांत जमिनीवर ऊन येणारच नाही. चौक १२ फुटांचा असेल तर ऊन समोरच्या उत्तर भिंतीवर साधारण सहा फुटांच्या वर पडतं. ती भिंत चुन्याने पांढरी असली तर तुम्हाला फुकटात भलामोठा बाउन्स मिळाला: नटाला तिच्यासमोर उभं करा आणि भिंत फ्रेमबाहेर ठेवा. मे महिन्याच्या पहिल्या आठवड्याअखेरीस आणि ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात सूर्य इथे बरोबर डोक्यावर येतो. मे महिन्यात अशा वेळी चौकात काम करायचं तर वरून कापड धरल्याशिवाय गत्यंतर नाही. पावसाळ्यातलं भरलेलं आभाळ हा सगळ्यात समान उजेड, फक्त तो दर पाच मिनिटांनी कमीजास्त होतो, म्हणून प्रत्येक टेकआधी उजेड मोजणारा मीटर बघावा लागतो.

जागा बघायला जाताना आणखी एक गोष्ट तपासा: भिंतीचा रंग. काळ्या दगडाचं जोतं आणि सागवानी खांब उजेड खातात, ते चांगलं. पण अनेक घरांत कंबरेपर्यंत हिरवा किंवा निळा ऑइलपेंट असतो. बाउन्सचा उजेड त्यावर आपटून परत येतो आणि नटाच्या हनुवटीखाली हिरवट झाक सोडतो. नंतर कलर करेक्शनमध्ये ती काढायला गेलात तर साडीचा रंगही बदलतो. शहाबादी फरशी करडी असल्याने निर्धोक. शेणाने सारवलेली जमीन दिसायला सुरेख, पण ती जवळजवळ काहीच परत देत नाही. डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. त्याचा उपाय पुढे आहे.

कापड आणि चौकट

सरावाला ८ बाय ८ फुटांची चौकट पुरे. एक इंची चौकोनी अ‍ॅल्युमिनियम पाइपचे आठ फुटी चार तुकडे, कोपऱ्यांना एल पट्ट्या आणि हाताने फिरणारे विंगनट, म्हणजे टेम्पोत टाकताना सोडवता येते. कापडासकट वजन साधारण पाच किलो भरतं.

कापड मांजरपाट. इचलकरंजी जवळ असल्यामुळे यंत्रमागावरचं कोरं सुती कापड इथे सहज मिळतं. ५८ इंची पन्हा असेल तर दोन पट्टे जोडावे लागतात. साडेपाच मीटर घ्या, कारण कोरं कापड पहिल्या धुण्यात आटतं. धुतल्यावरच शिवायचं. शिवून झाल्यावर कापड साडेसात फूट चौरस भरलं पाहिजे, चौकटीपेक्षा दोन्ही बाजूंनी तीनतीन इंच कमी. ही फट मुद्दाम ठेवायची असते, नाड्या ताणायला जागा लागते. काठाला दुहेरी पट्टी, फुटाफुटावर पितळी आयलेट, सगळे मिळून तीसच्या आसपास. नाड्या समोरासमोरच्या बाजूंनी आळीपाळीने बांधत जा. एका कोपऱ्यापासून गोल फिरत बांधलंत तर कापड तिरपं ओढलं जातं.

रंगाबाबत दोन सापळे आहेत. कोरं मांजरपाट पिवळसर असतं, त्यावरून आलेला उजेड ऊबदार होतो. कृष्णधवलला फरक पडत नाही. रंगीत चित्रीकरणात त्याच्यावर व्हाइट बॅलन्स करून घ्या, म्हणजे कॅमेऱ्याला तोच पांढरा रंग धरायला सांगा, आणि मग त्याच शॉटमध्ये थर्माकोलचा बाउन्स वापरू नका, कारण थर्माकोल पांढराशुभ्र असल्याने दोन गालांवर दोन रंग येतील. दुसरा सापळा नीळ. घरी कुणी प्रेमाने कापडाला नीळ घातली की चेहरा निळसर, आजारी दिसतो. कापड धुणाऱ्याला आधीच सांगून ठेवा: साबण चालेल, नीळ आणि स्टार्च नको.

टांगताना वाड्याच्या जुन्या लाकडी कठड्याला दोर बांधायचा नाही. कठडा दिसायला भक्कम असतो, आतून वाळवी लागलेली असते. दोर खांबाला किंवा तुळईला, चार कोपऱ्यांना चार, शिवाय एक जादा दोर नुसता सुरक्षेसाठी. मोकळ्या अंगणात स्टँडवर लावणार असाल तर वाऱ्याचा हिशेब करा. ताशी ३० किलोमीटरचा झोत या कापडावर सरळ आला तर २५ ते ३० किलोंचा रेटा बसतो, म्हणजे एखादं पोर दोराला लोंबकळावं तसा. प्रत्येक स्टँडवर वाळूच्या दोन पिशव्या, आणि वारा वाढला की कापड सोडून ठेवायचं, चौकट नाही. नाड्या सोडायला दोन मिनिटं लागतात.

दिवसा: कापडातून

ऊन चौकात येत असेल तेव्हा चौकट वर आडवी टांगा. उजेड कापडातून झिरपून खाली येतो. मांजरपाटाच्या एका थराने साधारण दीड ते दोन स्टॉप जातात (एक स्टॉप कमी म्हणजे उजेड निम्मा). हा बाउन्स नाही, कापडाचा गाळणीसारखा उपयोग आहे. पण यातून एक गोष्ट नीट कळते. कापड नटाच्या डोक्यापासून आठ फुटांवर असताना नाकाची सावली बघा, मग तेच बारा-पंधरा फुटांवर न्या. सावलीची कड घट्ट होत जाते. उजेडाचा मऊपणा कापडाच्या जातीपेक्षा त्याचा आकार आणि अंतर यांच्या प्रमाणावर ठरतो. आठ फुटी कापड आठ फुटांवर मऊ. चोवीस फुटांवर तेच कापड बऱ्यापैकी कडक. ‘कापड तर लावलंय, तरी सावली कशी?’ असं सेटवर वारंवार ऐकू येतं, त्याचं उत्तर बहुतेक वेळा अंतरात असतं.

कापडाच्या कडेबाहेरून उन्हाचा पट्टा मागच्या भिंतीवर पडतो तो विसरू नका. चेहरा बरोबर धरला की तो पट्टा पांढराफट्ट होतो. एकतर फ्रेम हलवा, नाहीतर तिथे दुसरं कापड.

माजघरात: कापडावरून

खरी मित्रांची पद्धत इथे. दुपारी चौकातला खरा उजेड इतका प्रबळ असतो की दिव्याचा बाउन्स त्यापुढे दिसतच नाही, म्हणून हे काम माजघरात, दारं लावून, किंवा अंधार पडल्यावर करा.

चौकट तक्तपोशीखाली आडवी अडकवा. माजघर सहसा बुटकं असतं. आठ फुटी चौकट बसली नाही तर तक्तपोशीलाच कापड ठोकण्याऐवजी ६ बाय ४ ची दुसरी बनवा. दिवा जमिनीलगत, नटापासून तीनचार फूट मागे, तोंड वर. २०० वॉटचा एलईडी, आयएसओ (कॅमेऱ्याची संवेदनशीलता) ८००, शटर सेकंदाचा पन्नासावा भाग, एवढ्यात चेहऱ्यावर एफ २.८ ते ४ मिळायला हवा (एफ म्हणजे भिंगाच्या छिद्राचं माप; मीटरवर आकडा मोठा तितका उजेड जास्त). शिवाय दिवा कापडाला फार जवळ नाही ना ते बघा. जवळ असला की कापडाच्या मध्यभागी फक्त दोन फुटांचा गोळा उजळतो, उरलेलं कापड वाया जातं आणि सावलीही कडक होते. कापडाच्या कडेपर्यंत उजेड पोचेल इतका दिवा मागे घ्या. कापडातून वर निसटणारा उजेड वाचवायचा तर कापडाच्या पाठीला काळं कापड न लावता दुसरा मांजरपाट लावा. काळं लावलं तर तो उजेड गिळला जातो.

आता दिवा थेट नटाला दिसू द्यायचा नाही. दिव्याच्या पुढे, नटाच्या बाजूला कटर, म्हणजे उजेड अडवणारा काळा आडोसा, उभा करा. हा कटर राहून गेला तर खालून एक धारदार सावली भिंतीवर चढते.

बाउन्सची खरी डोकेदुखी म्हणजे तो सगळीकडे पसरतो. चेहरा छान दिसतो आणि खोली पिठूळ होते, भिंत आणि चेहरा एकाच उजेडात. मित्रांच्या फ्रेममध्ये खोलीला खोली वाटते, कारण मागची भिंत दबलेली असते. त्यासाठी कापडाच्या ज्या बाजूंना भिंती आहेत तिथे काळ्या कापडाची दीड फुटी झालर सोडा. झालर कापडाच्या कडेवरून सरळ खाली लोंबली पाहिजे. नटाच्या डोक्याजवळ उभे राहून वर बघा: पांढरं कापड पूर्ण दिसायला हवं. मग भिंतीजवळ जाऊन बघा: कापडाचा निम्मा भाग झालरीआड गेलेला हवा. डोळ्यांनी केलेली ही तपासणी मीटरइतकीच खात्रीची आहे.

तरीही गालाची दुसरी बाजू उजळत असेल तर नटाच्या त्या बाजूला, फ्रेमच्या अगदी बाहेर, काळी घोंगडी टांगा. धनगरी घोंगडीसारखं उजेड पिणारं कापड बाजारातल्या काळ्या सॅटिनमध्ये मिळत नाही. लोकरीचे तंतू उभे असल्यामुळे उजेड त्यात शिरतो आणि परत येत नाही. सॅटिन मात्र घडीघडीवर चमकतं. फक्त ती जड असते, साध्या स्टँडला लावली तर स्टँड झुकतो. आडव्या बांबूवर दोन्ही टोकांना टेकू देऊन टाका.

डोळ्यांच्या खोबणीचा उपाय: थर्माकोलची एक मीटर बाय अर्धा मीटरची पाटी नटाच्या गुडघ्याच्या उंचीवर, फ्रेमखाली, ४५ अंशांत. ती हळूहळू वर आणा आणि डोळ्याची बाहुली चमकली की थांबा. हनुवटीखालची सावली पूर्ण जाण्याआधी थांबला नाहीत तर वरून आलेला उजेड खालून आल्यासारखा वाटू लागतो. शॉटमध्ये नट बसणार असेल तर पाटीची जागा नट बसलेला असताना ठरवा. उभं असताना ठरवली की नेमकी क्लोजअपला ती कामी येत नाही.

मोजमाप असं धरा: चेहऱ्याची उजळ बाजू एफ ४, काळोखी बाजू एफ २ (म्हणजे दोन स्टॉप खाली), मागची भिंत एफ २ किंवा त्याहून थोडी कमी. पांढरा सदरा किंवा धोतर असेल तर ते सगळ्यात आधी उडतं, म्हणजे पांढराफट्ट होऊन तपशील जातो. जुन्या युनिटमध्ये पांढरे कपडे फिक्या चहाच्या पाण्यातून काढायची पद्धत होती, ती अजूनही उत्तम चालते. पडद्यावर ते पांढरेच दिसतात आणि विणीचा पोत शिल्लक राहतो.

आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २५ फ्रेम असतील तर शटर १८० अंश. २४ फ्रेमला १७२.८ अंश. दोन्हीकडे मिळतो तो सेकंदाचा पन्नासावा भागच. नाहीतर घरातली ट्यूबलाइट फ्रेममध्ये धडधडते. आणि वाड्यातल्या जुन्या वायरिंगवर भरवसा ठेवू नका. पाच अँपिअरच्या साध्या प्लगवर फारतर अकराशे वॉट. दोन किलोवॉटचा हॅलोजन नऊ अँपिअरच्या जवळपास ओढतो, त्याला पंधराचा पॉइंटच हवा. हॅलोजन वापरलात तर कापडापासून निदान पाच फूट.

उलट सराव: आरसा

मऊ उजेड हाताला बसला की एक दिवस त्याच्या विरुद्ध टोकाला घालवा. व्ही. के. मूर्ती या मैसूरच्या छायालेखकाने १९५९ च्या ‘कागज़ के फूल’मध्ये उन्हाचा सरळसोट झोत आरशांनी परतवून स्टुडिओत आणला होता. मूर्तींना पुढे २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, छायालेखकाला मिळालेला पहिलाच. ऊन हाच मुख्य दिवा मानण्याची सवय कोल्हापूरला त्याच्याही आधीची. बाबूराव पेंटरांनी १९२० साली ‘सैरंध्री’ काढली आणि १९२९ मध्ये प्रभात कंपनी याच शहरात सुरू झाली, तिच्या भागीदारांपैकी केशवराव धायबर कॅमेरा सांभाळत.

दोन बाय तीन फुटांचा आरसा, लाकडी चौकटीत, मागे प्लायवूड. तो चौकात उन्हात ठेवा आणि झोत माजघराच्या दारातून आत सोडा. आत थोडा उदबत्तीचा धूर असेल तर झोत दिसतो, पंखा बंद. धूर दाट नको, सगळ्या खोलीत सारखा पसरू द्या, नाहीतर झोतात ढग दिसतात.

सूर्य चार मिनिटांत एक अंश सरकतो, त्याबरोबर झोतही सरकतो. आरशापासून २० फुटांवर तो कवडसा चार मिनिटांत चार इंच हलतो. म्हणून भिंतीवर कवडशाच्या कडेला खडूची छोटी खूण करा, फ्रेममध्ये न दिसणाऱ्या जागी, आणि आरशाजवळ एक माणूस फक्त त्या कामाला ठेवा. प्रत्येक टेकआधी तो कवडसा खुणेवर आणेल. टेक चालू असताना आरशाला हात लावायचा नाही. बोटभर हलला तरी भिंतीवरचा कवडसा हातभर उडी मारतो. पाच मिनिटांपेक्षा लांब शॉट असेल तर तो तोडूनच घ्या.